दोन बोटं माया

५ जानेवारी

आजी,

नमस्कार करतो आणि लगेच कामाचं बोलतो. तुला लांबण लागलेली आवडत नाही.

तिसरा सिनेमा ठरला. पहिला आरमाराचा चालला तेव्हा तू म्हणालीस, "जहाजं बुडाली आणि तू तरलास." दुसऱ्यात मी हत्ती आणले तेव्हा तू फक्त हत्तींच्या चाऱ्याचं विचारलंस. मी तेव्हाच समजायला हवं होतं. तो असा आपटला की ज्यांच्या ऑफिसात मी दारातून दिसलो तरी चहा यायचा, ते आता "साहेब बाहेरगावी आहेत" असं आतून स्वतःच ओरडून सांगतात. निर्मात्याचं असंच असतं. सिनेमा चालला तर नटाचा, पडला तर माझा. हा पडला तर चौथा मला कुणी करू देणार नाही.

म्हणून या वेळी परकी गोष्ट घेत नाही. आपल्या घरची घेतो. दरवानिणीची.

मी नऊ वर्षांचा होतो. तुझ्या मशीनखाली चिंध्यांत बसायचो आणि तुला दिसत नाही म्हणून सुईत दोरा ओवून द्यायचो. तेव्हा तू ती गोष्ट सांगितलीस आणि म्हणालीस, हे बाहेर बोलायचं नाही. आजवर बोललो नाही. आता बोलू दे. किल्ला खरा, दरवाजा खरा, आणि तो उघडणारी बाई जशी होती तशी. दोनशे वर्षं लोक तिला फितूर म्हणतात. मी तीन तासांत तिचं नाव धुऊन काढतो. तुझी शपथ.

लिहिणाऱ्याला दाखवायला ती गोष्ट तुझ्या शब्दांत लिहून पाठव. तिचा पोशाख तूच शिव. कपडेपटाचे मास्तर तुझ्याच हाताखाली तयार झालेले, ते माप पाठवतील. आणि आपल्याकडे तिच्या हातची जी चावी आहे ती सिनेमापुरती दे. खोटी चावी पडद्यावर खोटीच दिसते.

तुझा चिंध्या


१४ जानेवारी

चिंध्या,

पत्र पोचलं. अक्षर तुझं आहे, म्हणजे काम अडलेलं आहे. काम झालं की तू टाइप केलेलं पाठवतोस.

माझी शाळा तिसरीपर्यंत. लिहिणाऱ्याला सांग, वेलांट्या त्यानं बघाव्या, गोष्टीला हात लावू नये.

किल्ल्याला वेढा पडला. आत किल्लेदार, त्याची फौज आणि साधी माणसं. कुंभार, परीट, लेकुरवाळ्या बायका. दरवान पहिल्याच आठवड्यात तटावर मेला, तेव्हा दरवाजाची चावी त्याच्या बायकोकडे आली. ती माझ्या आजीच्या आजीची आजी, एकदोन आज्या इकडेतिकडे. टाक्यातलं पाणी आटलं. एक दिवस माणसं सकाळी उठून बघतात तर किल्लेदार नाही. मागच्या कड्यावरून दोर सोडून तो गेला, फौज गेली, त्याच्या पेट्याही गेल्या. निरोप तेवढा ठेवला की दरवाजा उघडू नका. तिनं तीन दिवस ऐकलं. तिसऱ्या दिवशी दोन पोरं तहानेनं गेली, त्यातलं एक तिचं. मग तिनं चावी लावली. बाहेरच्यांनी माणसांना पाणी पाजलं आणि जाऊ दिलं. एवढंच झालं. पुढे किल्लेदाराला पुन्हा मोठं व्हायचं होतं, आणि किल्ला कसा गेला हे सांगायला कुणाचं तरी नाव हवं होतं. बाईचं स्वस्त पडलं.

आम्हाला 'दारउघडे' म्हणायचे. मी सात वर्षांची होते, नळावर माझी बादली रोज मागे ढकलायचे. "दारउघडीला शेवटी." एकदा आईनं ते ऐकलं. बादली उचलली, घरी आली आणि महिन्याभरात आम्ही ते गाव सोडलं. नव्या गावात आडनाव नवं. तुझा आजोबा घरजावई आला, म्हणून तुलाही तेच आडनाव आहे, ज्याची पाटी तू ऑफिसच्या दारावर पितळेची करून लावली आहेस.

हे मी तुझ्या बापाला सांगितलं नाही. त्याच्या पोटात काही राहत नसे. तुझ्या राहील असं वाटलं.

माझी अट एकच. तिला देवी करू नकोस आणि चोर करू नकोस. दमलेली बाई होती, हातात चावी होती.

पोशाख शिवेन. आधी जुन्या चादरीवर कापून बघेन. चांगल्या कापडाला मी पहिल्या फटक्यात कात्री लावत नाही, हे तुला माहीत आहे. चावी डब्यात घालून पाठवली आहे. लोखंडी आहे, वीतभर आहे, गंजलेली आहे. याहून जास्त तिच्याबद्दल विचारू नकोस.

आजी


१० मार्च

आजी,

गोष्ट वाचून झाल्यावर लिहिणाऱ्यानं ती लगेच पुन्हा पहिल्यापासून वाचली. तो एरवी स्वतःचं लिहिलेलंही दुसऱ्यांदा वाचत नाही.

आमचा दरवाजा उभा राहिला. चार मजले उंच, आतून फळ्या आणि बाहेरून प्लास्टर, पण कुणी सांगितल्याशिवाय कळणार नाही. रंगारी त्यावर शेवाळ रंगवत बसले होते, तर एक खरी शेळी येऊन ते चाटून गेली. तीनशे माणसं रोज चिलखतं घालून उन्हात उभी करतो आणि त्यांना पाणी पुरवता पुरवता माझीच टाकी आटते. तू असतीस तर हसली असतीस.

एक मोठं काम झालं. किल्ल्याखालची सगळी जमीन किल्लेदाराच्या वारसांची आहे. मी भीत भीत गेलो होतो. थोरल्या साहेबांनी स्वतः खुर्ची ओढून बसवलं. लढाईच्या दृश्यांना जमीन दिली, घोडे दिले. फार चांगली माणसं आहेत.

मास्तरांची चिठ्ठी सोबत आहे. घागरा, चोळी, वर ओढायला जाड वस्त्र. चोळीला आतून, डाव्या बाजूला चोरखिसा हवा आहे. तेवढं विसरू नकोस, त्या खिशावर मोठं दृश्य आहे.

चावीची काळजी करू नकोस. माझ्या टेबलाच्या खणात कुलपात आहे.

चिंध्या


२२ मार्च

चिंध्या,

पोशाख पाठवला. घागऱ्याचा घेर मास्तरांनी लिहिला त्यापेक्षा कमी ठेवला आहे. दरवानाची बायको होती, नाचायला निघालेली नव्हती. ढोपरापाशी दोन ठिगळं लावली आहेत. नटीनं नाक मुरडलं तर सांग, ती ठिगळं मी माझ्या जुन्या लुगड्याची लावली आहेत, विकत मिळत नाहीत.

चोरखिशाचं वाचलं आणि तो कागद मी दोनदा वाचला. ती चावी कमरेला लटकवून मिरवत नव्हती, पोटाशी लपवून फिरायची, हे मी तुला एकदाच बोलले होते, तेही पस्तीस वर्षांपूर्वी, दोरा तोडता तोडता. तू लक्षात ठेवलंस. मला वाटलं होतं तू तेव्हा झोपला होतास.

खिसा चावीच्या मापाचा केला आहे, अरुंद आणि वीतभर. दुहेरी अस्तर लावलं, लोखंड टोचू नये म्हणून. शिवणीत दोन बोटं माया ठेवली आहे. मास्तरांना सांगायला नको, त्यांना माझी सवय माहीत आहे. माया ठेवली की कपडा मोठा करता येतो, माणूस जाड झालं तरी टाकून द्यावा लागत नाही. उद्या नटी जेवायला लागली तर सोय असावी.

त्या वारसांचं कळलं. ते फार चांगले आहेत असं तू लिहिलंस. त्यांना गोष्ट सांगितलीस का, की त्यांचा पूर्वज दोराला लोंबकळत गेला? सांगितलीस आणि तरी घोडे दिले असतील, तर खरंच चांगले आहेत.

इकडे सगळं ठीक. मागच्या संडासाच्या दाराला कुलूप लागत नाही, दोरीनं बांधते. शेजारच्या मास्तरीणबाई परवा आत अडकल्या आणि बाहेर आल्यावर मलाच शिकवायला लागल्या.

आजी


९ एप्रिल

काकूंना कपडेपटाच्या मास्तरांचा नमस्कार.

पोशाख मिळाला. इतक्या वर्षांनी तुमचा टाका हातात आला, आणि मी सगळ्या पोरींना बोलावून दाखवला.

एक गोष्ट तुमच्या कानावर घालतो, कारण तुम्हाला न विचारता तुमची शिवण मी आजवर उसवली नाही. चोरखिसा अरुंद झाला. त्यात कंठा मावत नाही. मोत्याचा कंठा तीन पदरी आहे, खाली पदक आहे, आणि दृश्यात बाईनं तो एका झटक्यात बाहेर काढायचा आहे. दोनदा अडकला आणि मोती सगळीकडे उधळले, सगळे गुडघ्यावर वेचत बसलो. शेवटी मला तुमच्या नातवांनी खिसा मोठा करायला सांगितलं. तुम्ही माया ठेवली होती म्हणून बरं, दुसरं कापड जोडावं लागलं नाही. सगळी माया लागली.

चुकलं असेल तर रागवा.

तुमचा मास्तर


१५ एप्रिल

चिंध्या,

कसला कंठा?

आजी


२० मे

प्रिय आजी,

उत्तराला उशीर झाला, त्याबद्दल क्षमस्व. शेवटच्या दृश्यांची गडबड होती, म्हणून हे पत्र ऑफिसातून टाइप करवून पाठवत आहे.

मास्तर उगाच कुठेही काहीही लिहितात. कंठा म्हणजे दरवानाची, तिच्या नवऱ्याची आठवण आहे. प्रेक्षकांना डोळ्यांनी काहीतरी दिसावं लागतं. बाई नुसती चावी घेऊन उभी राहिली तर तिच्या मनातलं कळत नाही. सिनेमा म्हणजे इतिहासाचं पुस्तक नव्हे, हे तू समजून घेशील अशी खात्री आहे.

पहिला खेळ ऑगस्टच्या पहिल्या शुक्रवारी आहे. मोटार पाठवतो. तुला पहिल्या रांगेत बसवायचं आहे.

तुझा नातू


३० मे

चिंध्या,

नवऱ्याची आठवण असेल तर ठीक. दरवानाच्या घरात तीन पदरी मोत्याचा कंठा कुठून आला हे मी विचारत नाही. पूर्वी स्वस्ताई असेल.

पत्र टाइप केलेलं होतं. क्षमस्व हा शब्द तुझ्या तोंडी पहिल्यांदा वाचला. लहानपणी माझी कात्री मोडलीस तेव्हा नुसता रडला होतास, ते मला लवकर कळलं होतं.

मी येईन. पहिल्या रांगेत मान दुखते, मधे बसव. मोटार नको, मला तिच्यात मळमळतं. बसनं येईन. चावी त्या दिवशी मला परत दे.

आजी


१२ ऑगस्ट

आजी,

मध्यंतरात तू उठून गेलीस. मी दिवे लागल्यावर बघतो तर खुर्ची रिकामी. बस स्टँडवर माणूस पाठवला, तोवर तू गेली होतीस. दहा दिवस झाले, शेजारच्या बाईंकडे फोन केला तर त्या म्हणतात, "त्या शिवतायत, त्यांना उठवू नका असं सांगितलंय."

टाइप करायला दिलं नाही. हातानं लिहितो आहे.

मार्चमध्येच सगळं ठरलं होतं. थोरल्या साहेबांनी खुर्ची दिली, सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, "आमचा पूर्वज पळून गेला असं दाखवणार असाल तर आमच्या जमिनीवरून घोडा सोडा, शेळीसुद्धा जाणार नाही." तोवर दरवाजा उभा राहिला होता. तीनशे माणसं कामाला लागली होती. हत्तींच्या वेळी ज्यांनी माझ्यावर विश्वास ठेवला ते सगळे याच्यावर डोळे लावून होते. मी बाहेर येऊन त्या प्लास्टरच्या दरवाजाखाली बसलो. मग आत जाऊन हो म्हणालो.

किल्लेदार शेवटपर्यंत लढला पाहिजे, तर किल्ला पडायला कारण लागतं. अशा सिनेमाला एक फितूर लागतोच, आजी. शत्रूनं तिला कंठा दिला आणि तिनं दार उघडलं, हे प्रेक्षकाला एका दृश्यात कळतं. तुझी गोष्ट सांगायला अर्धा तास लागला असता. आणि लोक तिला आधीही तेच म्हणत होते, मी काही नवीन जोडलं नाही. आपलं नाव कुठेही नाही. ती आपली कोण हे जगात फक्त दोघांना माहीत आहे.

तुला खोटं लिहिलं ते चुकलं. तू आली नसतीस, असं वाटलं.

सिनेमा चालतो आहे. आरमारापेक्षा जास्त चालेल म्हणतात. चहा पुन्हा यायला लागला आहे.

आणखी एक, आणि हे तुला बाहेरून कळण्याआधी मीच सांगतो. चावी आता माझ्याकडे नाही. पहिल्या खेळाला थोरल्या साहेबांनी सगळ्यांसमोर ती मागितली. किल्ला त्यांचा, तर चावी त्यांच्या घरात हवी, असं म्हणाले. कॅमेरे होते, नाही म्हणता आलं नाही. त्यांच्या दिवाणखान्यात काचेच्या पेटीत मखमलीवर ठेवली आहे, खाली पूर्वजांचं नाव आहे. तुला मी हुबेहूब दुसरी करून देतो. कळणारही नाही.

रागव, पण काहीतरी लिही.

चिंध्या


२ सप्टेंबर

नातवास,

मध्यंतर होईपर्यंत मी बसले होते, हे ध्यानात घे. कंठ्याचं दृश्य त्याच्या आधी आहे.

नटीनं चोळीत हात घातला. तिचं तोंड कुणी बघितलं असेल, मी खिसा बघितला. पडदा एवढा मोठा की टाका न् टाका दिसत होता. वरचा माझा, बारीक, आणि खाली मास्तरांचा, घाईचा. जिथे माया होती तिथून कंठा बाहेर आला. मी माया ठेवते ती कपडा मोठा व्हावा म्हणून. तू तिच्यात चोरीचा माल ठेवायला जागा केलीस. केसानं गळा कापला असं म्हणतात, मी ते आजवर नुसतं ऐकत होते.

माझ्या डाव्या हाताला एक बाई बसली होती, चांगली, मला पाणी देऊ करणारी. ती दात खाऊन म्हणाली, "दारउघडी मेली." तो शब्द मी सात वर्षांची असताना नळावर शेवटचा ऐकला होता. सिनेमात तू तो कुणाकडून घेतलास? त्या वारसांकडून नाही. माझ्या पत्रातून घेतलास.

तू म्हणतोस नवीन काही जोडलं नाहीस. कंठा जोडलास. लोक तिला फितूर म्हणायचे, भित्री म्हणायचे, पण मोत्यांना विकली गेली असं कुणी म्हटलं नव्हतं. आणि काढलंस ते सांगितलंच नाहीस. तिचं पोर कुठे गेलं? तहानेनं मेलेलं पोर तू सिनेमातून उचलून बाहेर ठेवलंस, कारण ते असतं तर लोकांना कंठा पटला नसता. किल्लेदारानं तिला शिवी दिली तेव्हा त्याला आमच्या घरातलं काही माहीत नव्हतं. तुला सगळं माहीत होतं. तो परका होता, तू माझ्या मशीनखाली बसलेला होतास.

तू दरवाजाखाली बसलास ते लिहिलंस. वाईट वाटावं म्हणून लिहिलं असशील. तीसुद्धा दरवाजाखाली बसली होती, तीन दिवस, मांडीवर पोर घेऊन. तुझ्या मांडीवर काय होतं?

मी कुणाला काही सांगणार नाही. भिऊ नकोस. ती आपली कोण हे आता एकालाच माहीत आहे असं धर.

आता चावीचं. हुबेहूब करून देऊ नकोस, मला दोरीची सवय झाली आहे. जानेवारीत तुला पाठवली ती मागच्या संडासाच्या दाराची आहे. चांगल्या कापडाला पहिल्या फटक्यात कात्री लावत नाही हे मी त्याच पत्रात लिहिलं होतं, त्याच चावीच्या वर. तुझ्यावर अविश्वास होता असं नाही. सवय होती. थोरल्या साहेबांना सांगायचं तर सांग, नाहीतर राहू दे. त्यांनी मखमल घातली आहे, आमच्याकडे तिला खिळासुद्धा धड नव्हता. मास्तरीणबाईंना मी सांगितलं, तर त्या अजून हसतायत. पूर्वज मागच्या कड्यावरून उतरले आणि चावीही मागच्या दाराची मिळाली, याचा मेळ बरा बसला.

खरी चावी तुला पहिल्या खेळाला द्यायची होती. म्हणून मी बसनं आले, हातात पिशवीसुद्धा घेतली नाही. त्या चोळीला शिवला तसाच खिसा मी माझ्या पोलक्याला आतून शिवला होता, डाव्या बाजूला, अरुंद, वीतभर. त्यात ती घालून बसले होते. तिचं नाव धुतलेलं डोळ्यांनी बघायचं, दिवे लागले की तुझ्या हातात ठेवायची आणि जेवायला जायचं, एवढंच ठरवलं होतं. लोखंड सगळा वेळ बरगडीला लागत होतं.

मध्यंतरात तशीच घेऊन परत आले.

यायचं असेल तर ये. दार उघडं असतं, ती आमच्या घराण्याची खोडच आहे. चहा देईन. चावी मागू नकोस. ती अजून त्याच खिशात आहे, आणि हा खिसा शिवताना मी माया ठेवली नव्हती.

आजी